‘डीप थ्रोट’: सगळ्यांच्या स्वातंत्र्याचा हिशेब झाला, तिच्या सोडून



गेल्या पावसाळ्यात आमच्या रविवारच्या अभ्यासवर्गात ‘अभिव्यक्ती स्वातंत्र्य’ या विषयावर चर्चा ठेवली होती. पेरुमल मुरुगनपासून सुरुवात झाली, मग नाटके, मग चित्रपट. बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला असलेला एक मुलगा उठला आणि म्हणाला, “सर, अमेरिकेत एका ब्ल्यू फिल्मसाठी लोक कोर्टात लढले आणि जिंकले. स्वातंत्र्य म्हणतात ते याला. आपल्याकडे साधी कविता सहन होत नाही.” त्याने मोबाईलवर कुठला तरी माहितीपट पाहिला होता. मागे बसलेले आमचे एक ज्येष्ठ कार्यकर्ते लगेच तडकले. “विहारात बसून असले विषय? बाबासाहेबांच्या फोटोसमोर?” मुली खाली मान घालून बसल्या. चर्चा तिथेच संपली.

मला त्या दिवशी दोघांचेही पटले नाही, पण का पटले नाही ते लगेच सांगताही आले नाही. पोरगा म्हणत होता तो चित्रपट म्हणजे १९७२ चा ‘डीप थ्रोट’. समाजशास्त्र शिकताना स्त्रीवादाच्या पेपरात त्याचा उल्लेख दोन ओळींत येऊन गेला होता. नंतर मी त्याचा इतिहास नीट वाचला. तेव्हा लक्षात आले की पोराने सांगितलेली गोष्ट खोटी नाही, पण अर्धी आहे. उरलेली अर्धी गोष्ट एका बाईची आहे आणि ती आपण सांगितली नाही तर कोणी सांगणार नाही. म्हणून हा लेख. चित्रपटात काय दाखवले आहे याचे वर्णन मी करणार नाही, त्याची गरजही नाही.

जानेवारी १९७२ मध्ये मायामीत काही दिवसांत हा चित्रपट उरकला गेला. लांबी जेमतेम एक तास. दिग्दर्शक जेरार्ड डॅमियानो, पूर्वी न्यूयॉर्कमध्ये केशकर्तनाचा व्यवसाय करणारा माणूस. खर्च साधारण २५ हजार डॉलर. हे पैसे आले पेरायनो कुटुंबाकडून, आणि या कुटुंबाचे संबंध न्यूयॉर्कच्या कोलंबो या माफिया टोळीशी होते. १२ जून १९७२ रोजी न्यूयॉर्कच्या ‘वर्ल्ड थिएटर’मध्ये चित्रपट लागला. त्याआधी असल्या फिल्मा चोरून, लॉजच्या खोलीत किंवा पुरुषांच्या खासगी मेळाव्यात दाखवल्या जात. याला मात्र कथा होती, विनोद होते, गाणी होती आणि उघड तिकीटखिडकी होती.

कथेचा गाभा एवढाच की एका बाईला शरीरसुख मिळत नाही, कारण ते सुख देणारा अवयव तिच्या घशात आहे, असे एक डॉक्टर शोधून काढतो. मग पुढे काय घडत असेल ते सांगायला नको. हा विनोद म्हणून खपला. पण त्या विनोदाची रचना बघा. पुरुषाला जे हवे आहे त्यातच बाईचे सुख आहे आणि तेही तिच्या शरीराने, निसर्गानेच ठरवून दिले आहे! आपल्याला ही युक्ती ओळखीची वाटली पाहिजे. सेवा करण्यातच शूद्राचे कल्याण आहे, तोच त्याचा स्वभावधर्म आहे, असे सांगणारे ग्रंथ आपण कमी पाहिले आहेत का? ज्याचे शोषण करायचे त्याच्या अंगातच त्या शोषणाची आवड दाखवून दिली की प्रश्न मिटतो.

चित्रपट तुफान चालला. त्या काळच्या गाजलेल्या लेखक-कलावंतांनी तो पाहिला, त्यात ट्रुमन कपोटीसारखा लेखक होता. टीव्हीवर जॉनी कार्सन त्यावरून विनोद करू लागला. जानेवारी १९७३ मध्ये ‘न्यूयॉर्क टाइम्स’च्या रविवारच्या पुरवणीत राल्फ ब्लुमेंथाल यांनी यावर मोठा लेख लिहिला आणि त्यातून ‘पॉर्नो शिक’ हा शब्द रूढ झाला. म्हणजे पॉर्न पाहणे ही आता शिकलेल्या, पुढारलेल्या माणसाची फॅशन. नवरा-बायको जोडीने रांगेत उभे राहू लागले. जो बघणार नाही तो जुनाट.

दुसरीकडे सरकारने खटले भरले. न्यूयॉर्कचे न्यायाधीश जोएल टायलर यांनी मार्च १९७३ मध्ये चित्रपट अश्लील ठरवला आणि हा गळा कापण्याच्याच लायकीचा आहे, अशा अर्थाचे वाक्य निकालात लिहिले. थिएटरवाला काही कमी नव्हता. त्याने बाहेरच्या पाटीवर लावले, ‘न्यायाधीशांनी गळा कापला, वर्ल्ड शोकात’. त्याच वर्षी जूनमध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ‘मिलर विरुद्ध कॅलिफोर्निया’ या खटल्यात अश्लीलतेची नवी कसोटी घालून दिली. त्या त्या ठिकाणच्या समाजाच्या मापदंडाने अश्लीलता ठरेल, असे त्यात आले. याचा फायदा घेऊन मेम्फिसमध्ये केंद्र सरकारच्या वकिलाने चित्रपटाशी संबंधित लोकांवर कटाचा खटला चालवला. १९७६ मध्ये त्यात नट हॅरी रीम्स दोषी ठरला. फक्त काम केले म्हणून नटाला तुरुंगाची भीती! हॉलिवूड त्याच्यामागे उभे राहिले. जॅक निकल्सन, वॉरन बीटी यांनी पाठिंबा दिला, ॲलन डर्शोविट्झसारखा वकील अपिलात उतरला आणि १९७७ मध्ये ती शिक्षा रद्द झाली. चित्रपट ‘मिलर’ निकालाच्या आधी बनलेला आहे, हा त्यातला महत्त्वाचा मुद्दा होता.

आमच्या पोराने पाहिलेली गोष्ट ती हीच. शूर निर्माते, सनातनी सरकार, स्वातंत्र्याचा विजय. हॅरी रीम्सवर झाले ते चुकीचेच होते, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण या सगळ्या खटल्यांत बाजू किती होत्या? एक बाजू म्हणत होती की हे पाहिल्याने समाज बिघडेल. दुसरी म्हणत होती की प्रौढ माणसाला काय पाहायचे ते ठरवण्याचा हक्क आहे. दोन्ही बाजू बोलत होत्या त्या पाहणाऱ्याबद्दल. पडद्यावर जिचे शरीर होते तिचे काय, हा प्रश्न एकाही निकालाच्या केंद्रस्थानी नव्हता.

तिचे नाव लिंडा बोरमन. ‘लव्हलेस’ हे आडनाव चित्रपटासाठी चिकटवलेले. जन्म १९४९ चा, न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागातला. बाप पोलीस, घर कडक कॅथलिक. विशीत तिचा मोटार अपघात झाला, गंभीर जखमा झाल्या आणि फ्लोरिडात आईवडिलांकडे बरी होत असताना तिला चक ट्रेनर नावाचा माणूस भेटला. आधी प्रेमळ, मग मालक. पुढे त्याने तिच्याशी लग्न केले. मारहाण, बंदुकीचा धाक, तिला वेश्याव्यवसायात ढकलणे, हे सगळे याच माणसाने केले, असे तिने नंतर सांगितले. मारत होतो हे ट्रेनरने नाकारले नाही, फक्त ते नवरा-बायकोमधले असल्यासारखे बोलून दाखवले. मायामीला ती त्याच्याबरोबर गेली. तिच्या कामाचे १२५० डॉलर ठरले आणि ते ट्रेनरच्या खिशात गेले.

चित्रपटाने किती कमावले याचे आकडे तीन कोटी डॉलरपासून साठ कोटी डॉलरपर्यंत सांगितले जातात. साठ कोटींवर माझा विश्वास नाही. टोळीची माणसे थिएटरांवर बसून रोख रक्कम गोळा करून नेत, तिथे खरा हिशेब कोण ठेवणार? शिवाय काळा पैसा पांढरा करायचा तर न विकलेली तिकिटेही विकली म्हणून दाखवता येतात. खुद्द डॅमियानोलासुद्धा थोडी रक्कम हातावर टेकवून बाजूला केले गेले. पण कमीत कमी आकडा धरला तरी १२५० आणि तीन कोटी यांच्यामधले अंतर पुरेसे बोलके आहे. आणि ते १२५० सुद्धा तिचे नव्हते.

आता सगळ्यात महत्त्वाचे. चित्रपटात तिच्या अंगावर वळ आणि काळेनिळे डाग दिसतात. लपवलेले नाहीत, दिसतात. लाखो लोकांनी पडदाभर मोठे केलेले ते डाग पाहिले. समीक्षकांनी, लेखकांनी, वकिलांनी आणि न्यायाधीशांनीही पाहिले. हा चित्रपट कलाकृती आहे की नाही यावर तज्ज्ञांच्या साक्षी झाल्या. हे डाग कशाचे, असे मात्र त्या खटल्यांत कोणाला विचारावेसे वाटले नाही. ती हसते आहे ना? मग झाले! मुलाखतींत ‘मला आवडते’ असे म्हणते आहे ना? मग अजून काय पाहिजे?

ट्रेनरच्या तावडीतून ती चित्रपट गाजल्यावर सुटली. ट्रेनरने पुढे ‘बिहाइंड द ग्रीन डोअर’ या दुसऱ्या गाजलेल्या पॉर्न चित्रपटाच्या नायिकेशी लग्न केले. लिंडाने दुसरे लग्न केले, मुले झाली, बराच काळ गरिबीत गेला. १९८० मध्ये पत्रकार माइक मॅकग्रेडी यांच्या मदतीने तिने ‘ऑर्डील’ हे आत्मकथन प्रसिद्ध केले. त्यात तिने सांगितले की तो चित्रपट पाहणारे लोक प्रत्यक्षात तिच्यावर होणारा बलात्कार पाहत आहेत. प्रकाशकाने पुस्तक छापण्याआधी तिला खोटे पकडणाऱ्या यंत्रावर बसवले. निक्सनच्या काळातल्या पुढाऱ्यांची आत्मचरित्रे छापताना कोणी असे यंत्र लावले होते का, हे मला जाणून घ्यायला आवडेल.

लोकांनी विश्वास ठेवला नाही. फिल डोनाह्यूच्या टीव्ही कार्यक्रमात तिला विचारले गेले ते तिच्या बालपणाबद्दल. असे कोणते संस्कार झाले होते की तू यात सापडलीस? म्हणजे दोष तिच्या आतच कुठेतरी असणार. स्त्रीवादी लेखिका ग्लोरिया स्टायनम यांनी त्याच वर्षी ‘मिझ’ मासिकात लिंडावर लेख लिहिला आणि या प्रश्नाचा समाचार घेतला. ज्या पुरुषाने तिला कैद केले त्याच्यात काय बिघडले होते, असे कोणी विचारत नाही, हा स्टायनम यांचा मुद्दा. आपल्याकडे अत्याचार झालेल्या मुलीच्या घरी पत्रकार जातात तेव्हा पहिला प्रश्न काय असतो, ते आठवून पाहा.

इथे इतिहासाने एक विचित्र खेळ केला आहे. चित्रपट लागला १२ जून १९७२ ला. पाच दिवसांनी, १७ जूनला, वॉशिंग्टनच्या वॉटरगेट इमारतीत चोरटे पकडले गेले. त्या प्रकरणात ‘वॉशिंग्टन पोस्ट’ला गुप्त माहिती पुरवणाऱ्या अधिकाऱ्याला संपादक हॉवर्ड सायमन्स यांनी गमतीने टोपणनाव दिले, ‘डीप थ्रोट’. राष्ट्राध्यक्ष निक्सन यांना जावे लागले आणि हा शब्द सत्तेचे पितळ उघडे पाडणाऱ्या धाडसी माणसाचा समानार्थी बनला. तो अधिकारी म्हणजे एफबीआयमधले दुसऱ्या क्रमांकाचे अधिकारी मार्क फेल्ट, हे २००५ मध्ये उघड झाले. पुढे एफबीआयने या चित्रपटावरची स्वतःची फाईल खुली केली, तेव्हा ज्या वरिष्ठांकडे तिची कागदपत्रे जात होती त्यांत फेल्ट यांचेही नाव निघाले. सांगायचे ते एवढेच, की त्या नावाने ओळखला गेलेला पुरुष निनावी राहून बोलला आणि जगाने त्याच्यावर विश्वास ठेवला. ज्या बाईच्या शरीरावरून ते नाव आले ती स्वतःच्या नावानिशी, चेहरा दाखवून बोलली, तर तिला यंत्रावर बसावे लागले.

अजून एक उदाहरण. १९७३ च्या सुमारास ‘इनसाइड लिंडा लव्हलेस’ नावाचे पुस्तक तिच्या नावाने निघाले होते. मजेत सगळे केले, असे सांगणारे. ते मी लिहिलेले नाही, माझ्या मालकाच्या धाकाखाली ते तयार झाले, असे तिने नंतर सांगितले. याच पुस्तकावर लंडनमध्ये १९७६ मध्ये अश्लीलतेचा खटला चालला आणि प्रकाशक सुटला. त्यानंतर ब्रिटनमध्ये निव्वळ छापील शब्दांवर असे खटले भरणे जवळपास थांबले. स्वातंत्र्याच्या इतिहासात हा निकाल मैलाचा दगड मानला जातो. असेलही. पण तो दगड ज्या बाईच्या नावावर उभा आहे तिला तिचे स्वतःचे एक वाक्यसुद्धा त्या पुस्तकात लिहू दिलेले नव्हते.

मित्रांनो, हे सगळे अमेरिकेतले, आपला काय संबंध, असे कोणी म्हणेल. १९७२ हे वर्ष लक्षात ठेवा. हा चित्रपट मायामीत बनून न्यूयॉर्कच्या वाटेवर असताना, २६ मार्च १९७२ च्या रात्री, तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या देसाईगंज पोलीस ठाण्यात मथुरा या आदिवासी मुलीवर दोन पोलिसांनी अत्याचार केला. सत्र न्यायालयाने पोलिसांना सोडले, मुंबई उच्च न्यायालयाने शिक्षा दिली आणि १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सोडले. कारण काय? तिच्या अंगावर जखमांच्या खुणा नाहीत, तिने आरडाओरडा केला नाही, म्हणजे संमती. १९७९ मध्ये उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर या चार कायदेतज्ज्ञांनी सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. शरण जाणे आणि संमती देणे यांत फरक आहे, हे त्यांनी न्यायालयाला समजावून सांगितले. १९८० मध्ये देशभर बायका रस्त्यावर उतरल्या. लिंडाचे ‘ऑर्डील’ आले तेही १९८० मध्येच.

ही दोन प्रकरणे एकसारखी नाहीत. एक पोलीस कोठडीतला गुन्हा, दुसरा कॅमेऱ्यासमोरचा धंदा. एक आदिवासी मजूर मुलगी, दुसरी गोरी अमेरिकन. तरी ही दोन्ही शेजारी ठेवून पाहा. मथुराच्या अंगावर खुणा नव्हत्या, म्हणून संमती मानली गेली. लिंडाच्या अंगावर खुणा स्पष्ट होत्या, तरीही संमतीच मानली गेली. खुणा असोत नसोत, निष्कर्ष आधीच ठरलेला. ‘संमती’ हा शब्द वापरायचा अधिकार जिच्याकडून ती घ्यायची तिच्याकडे नसतोच, तो पाहणाऱ्याकडे असतो.

मग उपाय काय? इथे माझ्या काही स्त्रीवादी मैत्रिणींशी माझे मतभेद आहेत, तेही सांगून टाकतो. अमेरिकेत कॅथरीन मॅकिनन आणि अँड्रिया ड्वॉर्किन यांनी एक वेगळा मार्ग काढला. त्या म्हणाल्या, अश्लीलता हा मुद्दाच सोडा. समाजाची नीती बिघडते की नाही, हा प्रश्न धर्मगुरूंना सोडवू द्या. पॉर्नमुळे ज्या बाईचे नुकसान झाले तिला नुकसानभरपाईचा दावा लावता आला पाहिजे, कारण हा नागरी हक्कांचा, समतेचा प्रश्न आहे. १९८३ मध्ये मिनियापोलिसमध्ये यासाठी सुनावणी झाली आणि लिंडाने तिथे साक्ष दिली. सत्तेच्या सभागृहात ती स्वतःच्या शब्दांत बोलली आणि नोंद झाली. तिथल्या महापौरांनी तो कायदा नाकारला. १९८४ मध्ये इंडियानापोलिसमध्ये तो मंजूर झाला, पण न्यायालयात अभिव्यक्ती स्वातंत्र्याच्या विरोधात ठरून पडला आणि १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेच कायम केले.

प्रश्न नीतीचा नाही, इजा झालेल्या माणसाच्या हक्काचा आहे, ही त्यांची मूळ मांडणी मला सोळा आणे पटते. बाबासाहेबांनी अस्पृश्यतेचा प्रश्न ‘हिंदू धर्माला लागलेला डाग’ म्हणून नाही, तर अस्पृश्यांच्या हक्काचा प्रश्न म्हणून मांडला. दोन्हीत जमीन-अस्मानाचा फरक आहे. पण इंडियानापोलिसमध्ये हा कायदा कोणी मंजूर केला? तिथल्या उजव्या, धार्मिक गटांच्या पाठिंब्यावर तो झाला. ज्यांना बायकांची समता नको होती त्यांनाही हा कायदा हवा होता. अमेरिकेतल्याच अनेक स्त्रीवाद्यांनी याला विरोध केला, तो उगाच नव्हे. कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९२ मध्ये ‘बटलर’ खटल्यात स्त्रियांना होणाऱ्या इजेचा विचार कायद्यात आणला. त्यानंतर लगेच कारवाई झाली ती टोरोंटोतल्या समलिंगी वाचकांच्या पुस्तकाच्या दुकानावर, एका लेस्बियन मासिकासाठी. दंडुका हातात दिला की तो आधी कोणाच्या पाठीत बसतो, हे आपल्याला कोणी शिकवायला नको.

म्हणूनच आमच्या त्या ज्येष्ठ कार्यकर्त्यांना मला सांगायचे आहे, अत्यंत आदराने, की विहारात हा विषय नको म्हणताना बाबासाहेबांचे नाव मध्ये आणू नका. १९३४ मध्ये र. धों. कर्वे यांच्या ‘समाजस्वास्थ्य’ मासिकावर अश्लीलतेचा खटला झाला तेव्हा त्यांचे वकीलपत्र कोणी घेतले होते? बॅरिस्टर आंबेडकरांनी. लोकांनी लैंगिक प्रश्न विचारले आणि कर्व्यांनी उत्तरे दिली, हा गुन्हा! खटला हरले, कर्व्यांना दंड झाला. पण पुण्या-मुंबईतले भले भले प्रतिष्ठित ज्या माणसाजवळ उभे राहायला कचरत होते, त्याच्या बाजूने बाबासाहेब उभे राहिले. लैंगिकतेविषयी बोलणे म्हणजे विकृती, हे त्यांनी मानले नाही. तेव्हा आपली परंपरा तोंडावर पदर घेण्याची नाही.

पण कर्व्यांचे मासिक आणि ‘डीप थ्रोट’ यांना एकाच ‘अभिव्यक्ती’च्या पिशवीत भरायलाही मी तयार नाही. आमच्या बी.ए.च्या पोराने हीच चूक केली. कर्व्यांच्या लेखात कोणाच्या अंगावर वळ नव्हते.

या इतिहासातली आणखी एक बाजू आपल्या वाचकांनी आवर्जून वाचावी. लिंडाच्या निमित्ताने अमेरिकेत पॉर्नविरोधी चळवळ वाढली, तिच्या पुढच्या फळीत बहुतेक गोऱ्या बायका होत्या. तेव्हा काळ्या लेखिकांनी प्रश्न विचारला की तुमचा इतिहास १९७२ पासून का सुरू होतो? ॲलिस वॉकर यांनी लिहिले की काळ्या बाईचे शरीर गुलामांच्या बाजारात उघडे करून विकले गेले, त्याची आठवण काढल्याशिवाय पॉर्नची चर्चा अपुरी आहे. पुढे पॅट्रिशिया हिल कॉलिन्स यांनी १९९० च्या ‘ब्लॅक फेमिनिस्ट थॉट’ या ग्रंथात हे सिद्धान्ताच्या रूपात मांडले. काळ्या बाईला दिलेली वागणूक हा पॉर्नचा एखादा कोपरा नाही, तो पायाच आहे. त्यांनी उदाहरण दिले सारा बार्टमनचे. दक्षिण आफ्रिकेतल्या या बाईला १८१० मध्ये लंडनला नेले आणि तिच्या शरीराची ठेवण बघायला तिकीट लावले. १८१५ मध्ये ती पॅरिसमध्ये मेली, तर शास्त्रज्ञांनी तिचे शरीर कापून संग्रहालयात ठेवले. तिचा सांगाडा १९७४ पर्यंत लोकांना बघायला मांडलेला होता. म्हणजे न्यूयॉर्कचे सुशिक्षित लोक ‘डीप थ्रोट’च्या रांगेत उभे होते तेव्हा पॅरिसमध्ये बार्टमन काचेमागे होती. मंडेलांच्या सरकारने मागणी लावून धरली आणि २००२ मध्ये तिचे अवशेष मायदेशी परत येऊन पुरले गेले.

एम.ए.ला हे वाचताना मला पहिल्यांदा जाणवले की ‘स्त्री’ असा एकच सरसकट शब्द वापरून चालत नाही. लिंडाला निदान पुस्तक लिहायला पत्रकार मिळाला, स्टायनमसारखी लेखिका मिळाली. ती गोरी होती, तिचे नाव होते, आणि तरीही तिचे ऐकायला आठ वर्षे लागली. जिचे नावच नाही, जिच्या जातीवरूनच तिचे शरीर ‘उपलब्ध’ मानले जाते, तिचे किती वर्षांनी ऐकणार? देवदासीची प्रथा आठवा. तिथेही देवीच्या इच्छेने, आनंदाने, असेच सांगितले जात होते. घशातल्या अवयवाची गोष्ट काय आणि देवीला वाहिल्याची गोष्ट काय!

लिंडाचे पुढे काय झाले तेही सांगतो, कारण तिला देवी करून ठेवणे मला मान्य नाही. १९८७ मध्ये तिच्या यकृताचे प्रत्यारोपण झाले. दुसरे लग्न मोडले. शेवटच्या वर्षांत तिने तक्रार केली की पॉर्नविरोधी चळवळीनेही आपल्याला वापरून घेतले, भाषणांना बोलावले, पण मी कशी जगते हे कोणी विचारले नाही. २००१ च्या सुमारास तिने एका पुरुषी मासिकासाठी तोकड्या कपड्यांत फोटोही काढून घेतले. तिचे टीकाकार खूश झाले. बघा, खोटारडी होती! मला त्यात खोटेपणा दिसत नाही. पैशांची गरज असलेली एक पन्नाशीची बाई दिसते, जिच्याकडे विकता येईल अशी एकच गोष्ट समाजाने शिल्लक ठेवली होती, ते टोपणनाव. या वेळी निदान पैसे तिच्या हातात आले असतील. चळवळीत काम करणाऱ्या आपण सगळ्यांनी तिची ती तक्रार मात्र नीट ऐकावी. पीडितेला मंचावर बसवून भाषण करायला लावतो, हार घालतो, फोटो काढतो. पुढच्या महिन्याचे घरभाडे तिने कुठून द्यायचे?

एप्रिल २००२ मध्ये मोटार अपघातात ती गेली. तीन महिन्यांनी ट्रेनरही मेला. २००५ मध्ये ‘इनसाइड डीप थ्रोट’ हा माहितीपट आला आणि २०१३ मध्ये तिच्या आयुष्यावर ‘लव्हलेस’ हा चित्रपट. पहिल्यात पुन्हा बराचसा सेन्सॉरशी झालेल्या लढ्याचा उत्सव आहे. आमच्या पोराने बहुधा तोच पाहिला असावा. मूळ चित्रपट आजही मिळतो. तो थांबवण्याचा अधिकार तिला कधीच मिळाला नाही.

आपल्या कायद्यात या बाबतीत एक गोष्ट चांगली झाली आहे. २०१३ च्या दुरुस्तीनंतर असे स्पष्ट लिहिले गेले की बाईने चित्रीकरणाला संमती दिली असली, तरी ते दुसऱ्याला दाखवायला संमती दिली नसेल तर दाखवणे हा गुन्हा आहे. नव्या भारतीय न्याय संहितेत कलम ७७ मध्ये ते कायम आहे. चित्रीकरणाची संमती वेगळी आणि प्रसाराची वेगळी. लिंडाच्या काळात हा भेद कोणी केलाच नव्हता.

कागदावर आहे म्हणजे ठाण्यात आहे असे नाही. दोन वर्षांपूर्वी एका वस्तीतल्या आपल्याच समाजाच्या मुलीला घेऊन मी पोलीस ठाण्यात गेलो होतो. ओळखीच्या मुलाने तिचा व्हिडिओ काढून गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला होता. मुलगा गावातल्या वजनदार घरातला. ठाण्यात तो व्हिडिओ आधी तिघांनी पाहिला, ‘पुरावा तपासायला’. मग एकाने तिला विचारले, “यात तर तू हसतेस की.” ती काहीच बोलली नाही. तिची आई म्हणाली, “साहेब, ती घाबरली की हसते. लहानपणापासून तसंच आहे.” जबाब लिहून झाला तेव्हा मी वाचायला मागितला. दुसऱ्याच ओळीत ‘स्वखुशीने’ हा शब्द होता. तो तिने उच्चारलेला नव्हता. आम्ही सकाळी अकराला गेलो होतो. तो शब्द काढून नवा जबाब लिहून घ्यायला संध्याकाळचे सहा वाजले.